भाताच्या कोठारातला आवाज

दाक्षायणी जीव तोडून रडत होती... आणि नेमकी तेव्हाच कुकरची शिट्टी झाली!

"कट! कट!" बाहेरून तिचा धाकटा भाऊ सुगतन ओरडला. "चेची, अगं काय हे! माझ्या सिनेमाचा शेवट चाललाय आणि तू मागे भात शिजवतेस?"

दाक्षायणीने कोठाराचं जड लाकडी दार ढकललं आणि घामाने निथळत बाहेर आली. डोळ्यांतून अजून खरे अश्रू ओघळत होते. पण आवाज मात्र आता नेहमीचा, सातवी 'ब'च्या वर्गाला गप्प करणारा होता.

"तुझ्या सिनेमाला शेवट आहे रे, अम्माच्या भुकेला नाही! साडेबाराला तिला पेज लागते. तिला काय सांगू, थांब गं अम्मे, तुझी मुलगी अजून विहिरीत उडी मारायची आहे?"

"पाच मिनिटं थांबली असती!"

"मग तू दे तिला पाच मिनिटं. बस तिच्याजवळ. बावीस वर्षांत एकदा तरी बस!"

सुगतन कानांवरचे हेडफोन खाली ओढून गप्प बसला. तो नेहमी असाच गप्प बसायचा, आणि मग पाच मिनिटांनी हळूच विचारायचा, "चेची, पुन्हा एकदा रडतेस का?" आणि ती रडायची! सांगा बरं, अशा भावाचं काय करायचं?

हे कोठार म्हणजे त्यांच्या घरातलं पत्तायम, आजोबांच्या काळी वर्षाचं भात साठवायची भलीमोठी लाकडी खोली. भात केव्हाच गेलं. आता आतल्या भिंतींना जुन्या गाद्या आणि गोणपाटं ठोकलेली, आणि फटीतून आत आलेली माईकची वायर. पय्यन्नूरजवळच्या त्या खेड्यात सुगतनचा हाच स्टुडिओ! ध्वनिमुद्रण असलं की घरात पंखा बंद, कुकर बंद, नळ बंद. दाक्षायणीने आधी अंगणात जाऊन फणसाच्या झाडावरचे कावळे उडवायचे, मग त्या काळोख्या पेटीत शिरायचं आणि परक्या बाईचं दुःख आपल्या छातीतून काढून द्यायचं.

आणि किती बायकांचं! सुगतनचा पहिला सिनेमा विडी वळणाऱ्या बायकांवर होता. त्यातली निवेदिका दाक्षायणी. मग वासराचा बालचित्रपट आला. त्यातली आई, शेजारीण आणि भूत, तिन्ही दाक्षायणी. मग दोन वर्षं काहीच जमेना, म्हणून त्याने लग्नांचे व्हिडिओ काढले. मग सोन्याच्या दुकानाची जाहिरात केली. मग दुसऱ्याच नावाने एक मालिका केली, तिच्यात तीन सासवा होत्या आणि तिन्ही सासवा एकाच आवाजात भांडत. मग आरोग्य खात्यासाठी डासांवर दहा मिनिटांचा लघुपट केला, आणि त्यात डास कोण? दाक्षायणीच! तेव्हापासून शाळेतली पोरं तिच्यामागे "गुंऽऽऽ" करत पळायची. एवढं सगळं करून पडद्यावरच्या नावांच्या पाटीवर तिचं नाव किती वेळा आलं? एकदाही नाही! "घरचंच माणूस आहे, चेची," तो म्हणायचा. "घरच्याचं नाव काय लावायचं?"

ती कुकरवरून भांडायची, सिनेमाच्या लोकांनी पळवलेल्या चादरींवरून भांडायची, चौदा माणसांसाठी मासळीची आमटी रांधताना तोंडाचा पट्टा चालू ठेवायची... पण नावावरून? नावावरून ती कधीही, चुकूनही एक अक्षर बोलली नव्हती. ते दुःख तिने हृदयाच्या इतक्या तळाशी ठेवलं होतं की तिलाही तिथवर जायची भीती वाटे. कारण तिथे आणखीही एक गोष्ट होती. एकविसाव्या वर्षी कोळिक्कोडच्या रेडिओ केंद्राच्या आवाज चाचणीत ती पहिली आली होती. रुजू व्हायचं पत्र आलं, त्याच आठवड्यात सुगतनला दूरच्या सिनेमाच्या शाळेत प्रवेश मिळाला. अच्छन, म्हणजे वडील, वर्षापूर्वीच गेलेले, अम्माची दृष्टी मंदावत चाललेली... दोघांपैकी एकालाच घर सोडता येणार होतं. तिने धाकट्याची पेटी भरून दिली, आणि गावातल्या शाळेत मल्याळम शिकवायला लागली.

तर आता हा नवा सिनेमा, 'शेजारची विहीर'. चित्रीकरण शेजारच्या खऱ्या विहिरीवर झालं होतं. त्यासाठी सुगतनने काय काय पाहिलं! भरती-ओहोटी पाहिली, राहुकाळ पाहिला, पावसाचा अंदाज पाहिला. फक्त एकच गोष्ट पाहिली नाही, की ओणमच्या मोठ्या लॉटरीची सोडत तोंडावर आली होती! चार दिवस सकाळ-संध्याकाळ लॉटरीवाल्याची जीप भोंगा लावून गल्लीतून फिरत राहिली. आपल्याकडे शेंबडं पोरही सांगेल की त्या आठवड्यात कुजबुजसुद्धा ऐकू येत नाही. पण दिग्दर्शकाला कोण सांगणार? नायिका विहिरीच्या काठावर उभी राहून जन्माचं दुःख मांडतेय आणि मागून कुणीतरी ओरडतंय, "उद्याच सोडत! उद्याच! आजच घ्या!"

नायिका अश्वती बंगळुरात वाढलेली. मुलगी गुणी, चेहरा असा की पाहतच राहावं. पण तिच्या मल्याळममधलं प्रत्येक वाक्य पाहुण्यासारखं अवघडून बसायचं. ती दुसऱ्या कामावर निघून गेली आणि तिचा अख्खा आवाज दाक्षायणीच्या गळ्यात पडला.

अम्माला पेज भरवून दाक्षायणी पुन्हा कोठारात शिरली. शेवटचं वाक्य उरलं होतं. सुगतनने लिहिलं होतं, 'या शून्यात मी विलीन होत आहे.'

"अरे, विहिरीवर उभी असलेली बाई असं बोलते का?" ती आतून म्हणाली. "हे काय व्याख्यान आहे?"

"चेची, वाच ना तू फक्त!"

त्या वेळी पडद्यावर अश्वतीची पाठ होती, ओठ दिसतच नव्हते. दाक्षायणीने डोळे मिटले. त्या काळोखात, जुन्या भाताच्या वासात काय झालं कुणास ठाऊक, पण कागदावरचं वाक्य तिच्या तोंडून निघालंच नाही. निघालं ते वेगळंच.

"मी इथंच होते... कुणी हाक मारलीच नाही."

बाहेर तो तुकडा पुन्हा एकदा लावून ऐकला गेला. मग सुगतनचा घोगरा आवाज आला, "ठीक आहे. राहू दे हेच."

ठीक आहे! बावीस वर्षांतली सर्वांत मोठी शाबासकी!

पुढच्या महिन्यात राजधानीतल्या एका जुन्या संस्थेच्या पुरस्काराचा अर्ज आला. सुगतनचे सगळे अर्ज दाक्षायणीच भरायची, कारण त्याचं अक्षर म्हणजे कोंबडीने उकरलेलं अंगण. तो सांगत गेला, ती लिहीत गेली. एका ओळीवर तिचं पेन थांबलं. 'प्रमुख अभिनेत्रीचा आवाज कोणाचा आहे?'

"लिही ना," तो नजर चुकवून म्हणाला. "तिचाच."

"सुगता..."

"चेची, तो नियम आहे गं! आवाज दुसऱ्याचा असला तर अभिनयासाठी विचारच करत नाहीत. आणि या सिनेमात दुसरं काय मिळणार आहे मला? मी सेहेचाळीस वर्षांचा झालो. हाही गेला तर मी पुन्हा लग्नांचे व्हिडिओ काढायचे का? या वेळेस नाव झालं तर थिएटर मिळेल... एकदाच! माझ्यासाठी!"

तिने त्याच्याकडे पाहिलं. केस पिकलेले, डोळ्यांखाली काळं, आणि तरी तोच पोरगा, पेटी घेऊन बसथांब्यावर उभा असलेला! तिच्या अंतःकरणात काहीतरी तुटलं.  तिने आपल्या मोत्यांसारख्या अक्षरात लिहिलं, 'अभिनेत्रीचा स्वतःचा.' आणि मग इतकंच म्हणाली, "जा आता, विहिरीचं पाणी काढून आण. मोटर बंद पडलीय, दिग्दर्शक साहेब!"

एप्रिलमध्ये निकाल लागला. सर्वोत्कृष्ट अभिनेत्री, अश्वती! परीक्षकांनी लिहिलं होतं, 'केवळ एका वाक्यासाठी हा सिनेमा लक्षात राहील: मी इथंच होते, कुणी हाक मारलीच नाही.' टीव्हीवर ते वाक्य दिवसभर फिरत राहिलं. चहाच्या टपरीवर लोक ते एकमेकांना म्हणून दाखवू लागले. आणि घरात फोनवर फोन, दारात माणसांवर माणसं!

त्याच दुपारी सुगतन स्वयंपाकघरात आला. दाराची चौकट नखाने खरवडत उभा राहिला.

"चेची, एक सांगायचं होतं. आता वार्ताहर येतील... कॅमेरे येतील. तुझा आवाज जर कुणी..."

"काय माझा आवाज?"

"म्हणजे, थोडे दिवस... बाहेरच्यांसमोर बोलू नकोस. घसा बसलाय म्हणून सांगू."

दाक्षायणीच्या हातातली खोबऱ्याची वाटी तशीच राहिली. "म्हणजे माझ्याच घरात मी मुकी?"

"थोडेच दिवस गं!"

ती पाटावरून उठली, कपाटातून लोकरीचा मफलर काढला, एप्रिलच्या त्या मरणाच्या उकाड्यात गळ्याभोवती घट्ट गुंडाळला आणि पुन्हा खोबरं खवायला बसली. बाहेरच्यांसमोर तर नाहीच, पण त्या क्षणापासून ती कुणाशीच बोलली नाही. सुगतनशीसुद्धा!

आणि मग घराचं जे काही झालं! मासेवाल्याला ती बोटांनी बांगडे दाखवायची, तो मांदेली द्यायचा. दारावर "टीचर, टीचर" करत येणाऱ्या पोरांना ती पाटीवर लिहून उत्तरं द्यायची. सुगतनला कमरेला गुंडाळायचे आपले धुतलेले मुंडू सापडेनात, चष्मा सापडेना, चहात साखर आहे की नाही हे कळेना, कारण बावीस वर्षं हे सगळं त्याला ओरडून सांगितलं जात होतं! "चेची, भांड तरी!" तो पाचव्या दिवशी वैतागून म्हणाला. तिने मफलर आणखी एक वेढा घट्ट केला. रात्रंदिवस बडबडणारं घर असं मुकं झालं की आंधळी अम्मा खाटेवरून विचारू लागली, "घरात कुणी नाही का रे?"

नवव्या दिवशी गावाने अंगणातच सत्कार ठेवला. मांडव पडला, टीव्हीवाले आले, आणि अश्वतीही आली. भाबडी पोर! मांडवात जाण्याआधी ती थेट आत आली, अम्माच्या खाटेजवळ गुडघ्यांवर बसली आणि तिने अम्माचे पाय धरले.

"अम्मे, ही अश्वती," सुगतन म्हणाला. "माझ्या सिनेमातली नायिका. हिलाच पुरस्कार मिळाला. तू ऐकलंस ना टीव्हीवर, विहिरीवर रडते ती?"

अम्माने थरथरता हात अश्वतीच्या गालांवरून फिरवला. "बोल गं पोरी काहीतरी."

"मला आशीर्वाद द्या, अम्मा," अश्वती तिच्या त्या अवघडलेल्या मल्याळममध्ये म्हणाली.

अम्माचा हात थबकला.

"ही कुठली रे? रडत होती ती तर माझी दाक्षू! इथंच तर रडली, या भिंतीपलीकडे. मी विचारणार होते तिला, पोरी, कशाला गं इतकं..."

गावातल्या प्रत्येकाच्या तोंडाला कुलूप घातलं होतं सुगतनने! ज्याला ज्याला माहीत होतं त्याला शपथा घातल्या होत्या. पण कोठाराच्या भिंतीला खाट लावून सगळे सिनेमे कानांनी पाहणाऱ्या म्हातारीला मात्र कुणी काही सांगितलंच नव्हतं. तिला कुणी मोजलंच नव्हतं!

"अम्मे, गप्प बस गं!"

दाक्षायणीने धावत येऊन अम्माच्या तोंडावर हात ठेवला, आणि मग तिलाच कळलं की ती बोलली. नऊ दिवसांनी... मोठ्याने... अश्वतीच्या समोर!

अश्वती सावकाश उठली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. "हाच तो आवाज," ती पुटपुटली. "टीचर... मी सिनेमा पाहिला तेव्हा माझ्याच चेहऱ्याकडे बघून रडले, तुमच्या आवाजामुळे. मी सरांना विचारलं होतं, कोण आहे ही? मला तिला भेटायचंय. तर सर म्हणाले..."

"काय म्हणाले?" दाक्षायणीने विचारलं.

"म्हणाले, चेन्नईची कुणी बाई आहे. तिचं नाव आठवत नाही."

चेन्नईची कुणी बाई! नाव आठवत नाही!

नाव पाटीवर नव्हतं, ते तिने सोसलं. अर्जावर स्वतःच्या हाताने स्वतःला पुसलं, तेही सोसलं. पण हे...? तिने मफलर ओढून काढला आणि खाली टाकला.

"नाव आठवत नाही तुला? सुगता! तुला बोलायला शिकवलं ते या आवाजाने! अच्छन गेले तेव्हा तू पत्तायमात लपून बसला होतास, तेव्हा तुला हाक मारून बाहेर काढलं ते या आवाजाने! मी तुझं भूत झाले, तुझ्या तीन तीन सासवा झाले, अरे, डाससुद्धा झाले तुझ्यासाठी! लोक म्हणाले, टीचर, लाज नाही का वाटत? मी म्हटलं, माझ्या भावाचा सिनेमा आहे! रेडिओचं ते पत्र मी चुलीत घातलं, आणि त्याच चुलीवर तुझ्या वाटेच्या शिदोरीला पुट्टू शिजवलं! पुरस्काराच्या अर्जावर 'आवाज अभिनेत्रीचा स्वतःचा' हेही मीच लिहिलं, तुझ्यासाठी! मी कधी म्हटलं, माझं नाव लाव? कधी म्हटलं? पण मी कुणीतरी चेन्नईची नाही रे... मी कुणीतरी चेन्नईची नाही!"

तिला हुंदका आवरेना. सुगतन भिंतीला टेकून उभा होता. बाहेर मांडवात कुणीतरी माईकवर त्याचं नाव पुकारत होतं.

"सर, तुम्ही सांगितलंत म्हणून दोन मुलाखतींत मी हसून 'माझा आवाज' म्हणाले," अश्वती म्हणाली. ती रागाने कापत होती. "त्या अर्जावर काय लिहिलंय ते मला आज कळतंय! मी चोर नाहीये. तुम्ही सांगता, की मी सांगू?"

आणि इथे दाक्षायणीने काय करावं? तिने डोळे पुसले, मफलर उचलला आणि पुन्हा गळ्याभोवती गुंडाळायला लागली! "कुणी काही सांगायचं नाही," ती म्हणाली. "तू लहान आहेस पोरी, तुझं आयुष्य पडलंय पुढे. आणि हा... याला दुसरं काही येत नाही. जा रे. जा, नाव पुकारतायत तुझं. मी भांडले, संपलं. मी इथंच आहे."

मी इथंच आहे...

सुगतनने मान वर केली. जवळजवळ हेच वाक्य त्याने दोनशे वेळा ऐकलं होतं, हेडफोन लावून, मागे-पुढे करून, श्वास कापून. शून्यात विलीन होणारी बाई त्याने लिहिली होती; ही बाई त्याने लिहिली नव्हती. ही त्याच्या घरात होती. तो पुढे आला, त्याने बहिणीच्या गळ्यातला तो मफलर एक एक वेढा करून सोडवला, आणि तो हातात धरूनच मांडवात गेला.

"मला बोलायचंय," तो माईकवर म्हणाला. कॅमेरे वळले. "ज्या वाक्यासाठी हा पुरस्कार मिळाला ते मी लिहिलेलं नाही. आणि ज्या आवाजात ते तुम्ही ऐकलंत, तो अश्वतीचा नाही. अर्जाचं अश्वतीला काही माहीत नव्हतं. अर्जावरचं खोटं माझं आहे, एकट्याचं. तो आवाज माझ्या चेचीचा आहे. नाव दाक्षायणी. बावीस वर्षं ती माझ्या घरात होती, आणि मी..."  त्याने माईक खाली केला, घराच्या दाराकडे वळला आणि लहान असताना मारायचा तशी हाक मारली, "चेचीऽऽऽ!"

दारात उभी राहून दाक्षायणी ढसाढसा रडत होती, आणि रडता रडता कपाळावर हात मारून घेत होती. "गाढव! अगदी गाढव आहे! हातातला पुरस्कार घालवला मेल्याने!" ती सगळ्या मांडवाला ऐकू जाईल अशी ओरडली. अश्वतीने हसत, रडत तिच्या कमरेला मिठी मारली. मागच्या रांगेतून शाळेच्या पोरांनी एकसुरात "गुंऽऽऽ" केलं.

पुरस्कार गेला, तो जाणारच होता. अश्वतीने स्वतःच पत्र लिहून परत केला. थिएटर काही मिळालं नाही. मग सुगतनने पांढरी चादर आणि यंत्र उचललं आणि शाळाशाळांतून, वाचनालयांच्या अंगणांतून सिनेमा दाखवत फिरू लागला. चादर अर्थातच दाक्षायणीची, आणि त्यावरून भांडण झालंच! पण त्या चादरीवर आता सगळ्यांत आधी, दिग्दर्शकाच्याही आधी, एक पाटी यायची: 'आवाज: दाक्षायणी'. अम्माला ती दिसायची नाही, म्हणून सुगतन दर वेळी तिच्या कानाशी वाकून वाचून दाखवायचा.

जूनमध्ये शाळा सुरू झाल्यावर पहिल्याच रविवारी त्याने नव्या सिनेमाचं काम काढलं. कावळे उडवले, पंखा बंद केला, हेडफोन चढवले.

"चेची, तयार?"

"तयार," कोठारातून आवाज आला. "पण आधीच सांगते, कुकर लावलाय. चार शिट्ट्या होणार. अम्माचे दात गेलेत, भात मऊ लागतो."

सुगतनने तोंड उघडलं... आणि मिटलं. हेडफोन काढून मांडीवर ठेवले, अम्माच्या खाटेवर जाऊन बसला, आणि तिचा हात हातात घेऊन शिट्ट्या मोजू लागला.